जप्त ट्रॅक्टर निकालाआधीही सुटतो



पेरणी तोंडावर आणि ट्रॅक्टर पोलीस ठाण्याच्या आवारात? केसचा निकाल लागेपर्यंत थांबू नका. पोलिसांनी गुन्ह्यात धरला असेल तर वकिलामार्फत न्यायदंडाधिकाऱ्यांच्या कोर्टात सुपूर्दनाम्यावर ताबा मागा (भारतीय नागरिक सुरक्षा संहिता, कलम ४९७). जप्त वाहनं ठाण्यात फार काळ ठेवू नयेत, हे सुप्रीम कोर्टाने २००२ मध्येच सांगितलंय. आरसी, विमा, पंचनाम्याची प्रत जोडा. सुटल्यावर विकायचा नाही, कोर्ट म्हणेल तेव्हा हजर करायचा.

मुरूम-वाळूत महसूलने धरला तर रस्ता वेगळा. आधी तहसीलला जा; दंड भरून बंधपत्र दिल्यावर सोडतात. चोरट्या लाकडाची केस सगळ्यात अवघड: वनखात्याने सरकारजमा करायची कारवाई सुरू केली, की अर्जही त्यांच्याकडेच.

जप्ती होतानाच टायर, बॅटरी, मीटरचे फोटो मोबाईलवर काढून ठेवा.