रीळ अकरा मिनिटांचं, ओळख महिन्यांची

दंगलीवरचा माहितीपट म्हटला की जळकी दुकानं आणि मृतांचे आकडे डोळ्यांसमोर येतात. माहितीपटकार दीपा धनराज यांचा ‘क्या हुआ इस शहर को?’ (१९८६) हैदराबादच्या जुन्या शहरातल्या १९८४च्या हिंसाचारावर आहे. त्या वर्षी ऑगस्टमध्ये एन. टी. रामाराव यांचं सरकार बरखास्त झालं आणि महिन्याभराने परत आलं. त्याच सुमारास जुनं शहर संचारबंदीत अडकलं होतं. चित्रपटात मिरवणुका आहेत, पुढाऱ्यांच्या मुलाखती आहेत. पण मनात राहतात ती हातावर पोट असलेली माणसं. ‘हैदराबाद एकता’ हा गट सोबत होता, म्हणून त्या गल्ल्यांमध्ये कॅमेरा उपरा वाटत नाही.

माणसांना सोबत घेऊन चित्रपट करण्याच्या या पद्धतीची सुरुवात मात्र आपल्याकडची आहे. १९८०मध्ये धनराज, आभा भैया, मीरा राव आणि छायालेखक नवरोज कॉन्ट्रॅक्टर यांनी ‘युगांतर’ हा गट काढला. त्यांचा ‘मोलकरीण’ (१९८१) पुण्यातल्या घरकामगार बायकांच्या संघटनेवर, तर ‘तंबाकू चाकीला ऊब आली’ (१९८२) निपाणीच्या तंबाखू वखारींतल्या बायकांवर. चित्रीकरण सोळा मिलिमीटरच्या फिल्मवर. चारशे फुटांचं रीळ अकरा मिनिटांत संपतं आणि ते महाग असतं. नुसता कॅमेरा लावून काही घडायची वाट बघणं परवडणारं नव्हतं. त्यामुळे आधी बैठका, गप्पा, ऐकणं. निपाणीत यात महिने गेले, आणि काही प्रसंग कामगार बायकांनी स्वतःच पुन्हा करून दाखवले.

साठच्या दशकातल्या अमेरिकी ‘डायरेक्ट सिनेमा’चा आग्रह होता की कॅमेऱ्याने फक्त पाहावं, काही घडवू नये. निपाणीत तो मोडला, आणि माझ्या मते बरंच झालं. प्रसंग पुन्हा उभा करताना काय दाखवायचं आणि काय झाकायचं, हे त्या बाईच्या हातात राहतं.

हैदराबादेत हाच विचार आणखी पुढे गेला. ‘स्त्री शक्ती संघटना’ सोबत घेऊन ‘युगांतर’ने १९८३मध्ये ‘इदी कथा मात्रमेना’ हा तेलुगू लघुपट केला. विषय घरातल्या मारहाणीचा. असं दुःख नाव-चेहऱ्यानिशी पडद्यावर सांगणाऱ्या बाईला रात्री त्याच घरात परतायचं असतं. इथे बायकांनी एकत्र बसून, आपापल्या अनुभवांतून कथा रचली. कुणा एकीचं घर उघड्यावर पडलं नाही आणि खरं तेही सांगून झालं. माणसांच्या जवळ जाण्याचा याहून प्रामाणिक मार्ग मला दिसत नाही.

हीच पद्धत धनराज यांच्या अलीकडच्या कामातही दिसते. १७ जानेवारी २०१६ रोजी हैदराबाद विद्यापीठातला संशोधक विद्यार्थी रोहित वेमुला याने जीव दिला. त्याआधी त्याच्यासह वसतिगृहातून काढलेले पाच दलित विद्यार्थी गाद्या आणि बाबासाहेबांची तसबीर उचलून बाहेर पडले होते. आवारातच फ्लेक्सचा आडोसा करून त्यांनी ‘वेलिवाडा’, म्हणजे गावकुसाबाहेरची दलित वस्ती, उभारला होता. त्या आंदोलनावर धनराज यांनी ‘वी हॅव नॉट कम हिअर टू डाय’ (२०१८) केला. तिथेही बोलतात ती मुलंच.

‘युगांतर’चे जुने चित्रपट बर्लिनच्या ‘आर्सेनल’ संस्थेमुळे आता डिजिटल रूपात उपलब्ध आहेत. मराठी फिल्म सोसायट्यांनी ‘मोलकरीण’ आणि ‘इदी कथा मात्रमेना’ एकाच संध्याकाळी दाखवावेत, आणि पहिल्या रांगेत घरकाम करणाऱ्या बायकांना बसवावं.