नवी आवृत्ती, जुने शुद्धिपत्र

पुस्तकाची नवी आवृत्ती निघाली, पाने सरकली की जुने शुद्धिपत्र निरुपयोगी ठरते. ‘स्कायरिम’ या २०११च्या संगणक-खेळाचे असेच झाले. बेथेस्डा कंपनीने २०१२ साली ‘क्रिएशन किट’ खुले केले आणि हौशी मंडळींनी खेळात नवी गावे, नवी माणसे वसवली. काहींनी ‘स्क्रिप्ट एक्स्टेंडर’ रचला. तो मूळ प्रोग्रॅममधले नेमके पत्ते धरून चालतो. २०१६च्या विशेष आवृत्तीत नोव्हेंबर २०२१मध्ये मोठी सुधारणा आली, पत्ते बदलले आणि अनेक जोडण्या बंद पडल्या. एरवी ‘अ‍ॅड्रेस लायब्ररी’ ही सूची क्रमांकावरून पत्ता शोधून देते. या वेळी क्रमांकच नव्याने लावावे लागले. ज्या जोडणीचा कर्ता निघून गेला, ती कोण दुरुस्त करणार? म्हणून कर्त्याने सोर्स कोड खुला ठेवावा. खेळणाऱ्याने आवृत्ती पाहूनच सुधारणा घ्यावी.