घरचा पैसा आणि घरचीच माणसे : ‘हाऊस ऑफ स्ट्रेंजर्स’ आणि ‘गिधाडे’



“घरच्या घरात कसली लिखापढी?” हे वाक्य आपण सगळ्यांनीच कधी ना कधी ऐकले आहे, म्हटलेही आहे. या वाक्याची किंमत किती असू शकते, हे दाखवणाऱ्या दोन कलाकृतींची ओळख आम्ही आज करून देत आहोत. एक हॉलिवूडची, दुसरी आपल्या मराठी रंगभूमीची.

‘हाऊस ऑफ स्ट्रेंजर्स’ हा जोसेफ मॅन्कीविझ यांचा १९४९ सालचा चित्रपट. जीनो मोनेटी हा न्यूयॉर्कमधला इटालियन वस्तीतला सावकार-बँकर. कर्ज देताना तो तारण बघत नाही, वह्या धड ठेवत नाही, व्याज मात्र जबर घेतो. चार मुलांपैकी वकील झालेला मॅक्स त्याचा लाडका. बाकीच्या तिघांना तो बँकेत राबवतो आणि चारचौघांत पाणउतारा करतो. पुढे बँकांचा नवा कायदा येतो आणि जीनोवर खटला उभा राहतो. वडिलांना वाचवायला मॅक्स ज्यूरीतल्या एका व्यक्तीला लाच द्यायला जातो. सख्खा भाऊच पोलिसांना खबर देतो आणि मॅक्स तुरुंगात जातो. जीनोने मालमत्ता पत्नीच्या नावे केलेली असते. ती आता मुलांच्या हाती जाते आणि बापाला स्वतःच्याच बँकेत जागा उरत नाही. जीनोच्या भूमिकेसाठी एडवर्ड जी. रॉबिन्सन यांना कान महोत्सवात पुरस्कार मिळाला. हेच कथानक १९५४ साली ‘ब्रोकन लान्स’मध्ये गुरांच्या रँचवर नेले गेले.

विजय तेंडुलकरांचे ‘गिधाडे’ १९७० साली डॉ. श्रीराम लागूंनी रंगमंचावर आणले. सेन्सॉरशी झालेल्या झगड्यामुळे ते गाजले. पप्पा पितळ्यांनी धंद्यात सख्ख्या भावाला फसवलेले आहे. तोच धडा मुले गिरवतात आणि पैशासाठी बापावर हात टाकतात. (नाटक फार उग्र आहे, लहान मुलांसाठी नाही.)

दोन्हीकडे मूळ एकच. पैसा आणि माया यांचा हिशेब एकाच वहीत मांडला, आणि ती वही एकट्याच्या ताब्यात राहिली. मॅक्सची निष्ठा खरी होती. पण निष्ठा म्हणजे वडिलांची चूक झाकणे, असा अर्थ त्याने लावला.

आनंद नगरमधल्या आपल्या घरांत बँका नाहीत. पण भावाच्या कर्जाला जामीन राहणे आणि ‘इथे सही कर’ म्हटले की न वाचता सही करणे आहेच. म्हणून दोन गोष्टी लक्षात असू द्याव्यात. १८७२ च्या करार कायद्याच्या कलम १२८ नुसार, करारात वेगळे ठरले नसेल तर जामीनदाराची जबाबदारी कर्जदाराइतकीच असते. आणि बँक खात्यावरचा नॉमिनी हा रक्कम स्वीकारणारा असतो, मालक नव्हे. वारसांचा हक्क कायम राहतो.

कागद मागणे म्हणजे अविश्वास नव्हे. उद्या भावंडांना एका पंगतीला बसता यावे, म्हणूनच तो मागायचा. चित्रपट पाहून आपल्या घरातल्या तरुण मंडळींशी याबद्दल जरूर बोला.