स्थानबद्धाची भाषा व सरकारची भाषा

लकडगंजात किंवा इतवारीत खंडणीसाठी दुकानदारांस छळणारा एखादा दांडगा पोलिसांनी वर्षभराकरिता तुरुंगात टाकल्याची बातमी आली, की लाकडाच्या वखारवाल्यांपासून किराणा दुकानदारांपर्यंत सर्वांस हायसे वाटते. यात नवल काहीच नाही. अशा मनुष्याविरुद्ध उघड कोर्टात साक्ष देण्यास कोणी धजत नाही, व साक्षीवाचून खटला टिकत नाही. तेव्हा नाव गुप्त ठेवून घेतलेले जबाब आणि त्यांच्या आधारे काढलेला स्थानबद्धतेचा हुकूम हाच एक उपाय उरतो, असे पुष्कळांचे मत आहे. आम्ही त्या मताची थट्टा करीत नाही. परंतु खटल्यावाचून मनुष्यास कोंडण्याचा हा अधिकार कोठवर पोहोचतो, हे व्यापारी वर्गाने एकदा नीट पाहून घ्यावे, अशी आमची विनंती आहे.

ज्यास सारे ‘एमपीडीए’ म्हणतात तो महाराष्ट्राचा १९८१ चा कायदा मुळात झोपडपट्टीदादा, हातभट्टीवाले व अमली पदार्थांचे गुन्हेगार यांच्याकरिता झाला. पुढील दुरुस्त्यांनी त्यात धोकादायक व्यक्ती व वाळूतस्कर आले, आणि जीवनावश्यक वस्तूंचा काळाबाजार करणारेही आले. काळ्याबाजाराकरिता १९८० चा केंद्राचा कायदा निराळा आहेच. त्यात सहा महिने ठेवता येते. गुंडाकरिता केलेले कुलूप दुकानदाराच्या दारासही बसते ते असे. काळाबाजार करणाऱ्याची कड आम्ही घेत नाही. पण काळाबाजार केला की नाही, हे ठरवावयाचे कोणी, हाच तर प्रश्न आहे.

या प्रश्नाशी नागपूरचा संबंध जुना आहे. दुसऱ्या महायुद्धाच्या काळात हिंदुस्थान संरक्षण नियमांतील १२९ व्या नियमाने, ज्यावर वाजवी संशय असेल अशा कोणासही वॉरंटावाचून पकडण्याचा अधिकार पोलिसांस होता. येथील वकील व कादंबरीकार पु. य. देशपांडे यांस त्याखाली पकडले, तेव्हा त्यांच्या पत्नी विमलाबाई देशपांडे यांनी नागपूर हायकोर्टात धाव घेतली. संशय आहे असे पोलिसाने म्हटले की पुरे, की तो वाजवी असल्याचे त्याने दाखविले पाहिजे? त्याच युद्धात इंग्लंडच्या हाउस ऑफ लॉर्ड्सने प्रधानाच्या शब्दावर विसंबणे पत्करले होते, आणि लॉर्ड ॲटकिन एकटेच विरुद्ध उभे राहिले होते. नागपूरच्या न्यायाधीशांनी मात्र विमलाबाईंची बाजू उचलून धरली. सरकार अपिलात गेले, व १९४६ साली प्रिव्ही कौन्सिलनेही हेच सांगितले की, संशय वाजवी होता हे कोर्टाच्या मनात भरवून देण्याचा भार पकडणाऱ्यावर आहे. परक्या राज्यात व भर युद्धाच्या धामधुमीत हा निकाल मिळाला, हे आमच्या आजच्या अधिकाऱ्यांनी विसरू नये.

स्वराज्य आले, आणि घटनेने स्थानबद्धतेस मूलभूत हक्कांच्या प्रकरणातच जागा दिली. ही गोष्ट काहीशी चमत्कारिक आहे खरी. तथापि २२ व्या कलमाने तिला दोन दावी बांधली : कारणे लवकरात लवकर कळवावी, व त्यांवर म्हणणे मांडण्याची संधी द्यावी. यांतले पहिले दावे किती घट्ट, याची परीक्षा पुन्हा नागपुरातच झाली. १९६१ साली येथील जिल्हा दंडाधिकाऱ्यांनी एका मनुष्यास स्थानबद्ध केले व त्याच्या हाती टंकलिखित चौदा पानांची कारणे ठेविली. तेरा वर्षांच्या हालचाली व कितीतरी खटले त्यांत नमूद होते; आणि ती सारी इंग्रजीत होती. त्याने हिंदी तर्जुमा मागितला, तो नाकारण्यात आला. इंग्रजी ही सरकारी भाषा आहे, व मजकूर तोंडी समजावून दिला आहे, हे सरकारचे उत्तर. येथील हायकोर्टाने ते मान्य केले. परंतु १९६२ साली सुप्रीम कोर्टाने हरिकिसन विरुद्ध महाराष्ट्र राज्य या निकालात ते साफ फेटाळले. जी कारणे त्या मनुष्यास वाचून समजत नाहीत, ती त्यास कळविलीच नाहीत, असे धरून त्याची सुटका झाली.

वरवर पाहता ही बाब तर्जुम्याची, म्हणजे कारकुनाच्या चार दिवसांच्या कामाची दिसते. परंतु ज्या कैद्यास वकील मागण्याचा हक्क नाही व ज्यापुढे साक्षीदार उभा केला जात नाही, त्याच्यापाशी त्या कागदावाचून दुसरे आहे काय? तोंडी सांगितलेले तेरा वर्षांचे तपशील कोणाच्या ध्यानात राहतील? आपल्या खातेवहीतील मागील महिन्याची नोंद तोंडी ऐकून सावकाराशी हिशेब करावयास आमच्यापैकी किती व्यापारी तयार होतील, हे त्यांनीच सांगावे.

आणीबाणीत ही दावी तुटली. त्या वेळीही स्थानबद्धांचे अर्ज ऐकता येतात असे म्हणणाऱ्या हायकोर्टांत नागपूर खंडपीठ होते. २८ एप्रिल १९७६ रोजी सुप्रीम कोर्टाने ते सर्व निकाल फिरविले, न्या. खन्ना तेवढे विरोधात राहिले. तो निकाल चुकीचा होता असे त्याच कोर्टाने २०१७ साली म्हटले. त्यास एकेचाळीस वर्षे लागली.

आज एमपीडीएखाली पोलिस आयुक्तांच्या हुकुमास १२ दिवसांत शासनाची मंजुरी लागते, कारणे ५ दिवसांत द्यावी लागतात, तीन आठवड्यांत प्रकरण सल्लागार मंडळाकडे जावे लागते, आणि मुदत १२ महिन्यांहून अधिक नाही. या मुदती चुकल्या म्हणजे हुकूम कोसळतो, व मग पोलिस चडफडतात की गुंड ‘तांत्रिक’ कारणावरून सुटला. आमचे त्यांस सांगणे असे की, खटल्याचा पुरावाच बाजूस ठेविल्यावर उरते ते सारे तंत्रच. तेही पाळावयाचे नसेल तर कायदा कशास हवा?

सरकारकडे आमचे एक मागणे आहे. १९७८ च्या ४४ व्या घटनादुरुस्तीने मंडळावाचून कोंडण्याची मर्यादा तीन महिन्यांवरून दोनवर आणिली, व मंडळ हायकोर्टाच्या मुख्य न्यायाधीशांच्या शिफारशीने नेमावे असे ठरविले. संसदेने मंजूर केलेले ते कलम कोणत्याच केंद्र सरकारने आजवर अमलात आणलेले नाही. पक्ष बदलले, याबाबतीत वर्तन बदलले नाही. ते अमलात आणावे.

आणि लकडगंजकरांस एक माहिती देतो. मंडळापुढे स्थानबद्धास वकिलाचा हक्क नसला, तरी वकील नसलेला एक मित्र बरोबर नेता येतो, असे सुप्रीम कोर्टाने १९८१ च्या अखेरीस ए. के. रॉय यांच्या खटल्यात म्हटले आहे. कारणे वाचावी, तारखा ताडून पाहाव्या, ज्या दिवशीचा गुन्हा लिहिला आहे त्या दिवशी मनुष्य कोठे होता हे सांगावे, एवढेच त्याचे काम. शेजाऱ्याच्या घरी असा हुकूम आला, तर पहिल्या पाच दिवसांत तो कागद मागून घेणारा व नंतर त्याच्याबरोबर मंडळापुढे बसणारा कोणी वखारवाला असू शकतो. त्यास सनद लागत नाही.