भिंतीवरची तारीख, खिशातली तारीख

आमच्या माजलगावच्या घरी भिंतीवर कालनिर्णय असते. १९७३ साली सुरू झालेल्या या दिनदर्शिकेवर आई दुधाचे खाडे मांडते. माझ्या स्वाध्यायांच्या तारखा मात्र महाविद्यालयाच्या 'मूडल'वर असतात. त्या मोबाइलच्या कॅलेंडरात आणताना मी एकदा चांगलाच फसलो.

मूडलच्या कॅलेंडरात 'एक्स्पोर्ट' केले की दोन वाटा असतात. मी फाइल उतरवून घेतली. सरांनी पुढे मुदत दोन दिवस अलीकडे घेतली. माझ्याकडे जुनीच तारीख राहिली. गुण गेले. फाइल म्हणजे झेरॉक्स. मूळ कागद बदलला तरी झेरॉक्स बदलत नाही, हे तेव्हा कळले. बैल गेला अन् झोपा केला!

दुसरी वाट दुव्याची. मूडलने दिलेला दुवा संगणकावर गुगल कॅलेंडर उघडून 'अदर कॅलेंडर्स'मधील 'फ्रॉम यूआरएल' येथे टाकावा. ही सोय मोबाइलच्या ॲपमध्ये नाही. पण एकदा संगणकावर जोडले की तारखा मोबाइलवरही दिसतात आणि बदलतातही. १९९८ साली ठरलेल्या 'आयकॅलेंडर' या सामायिक नमुन्यामुळे दोघांना एकमेकांची भाषा समजते. हा दुवा आपल्या किल्लीसारखा आहे, कोणाला देऊ नये.

मात्र बदल पोहोचायला काही तास लागतात. म्हणून शेवटच्या दिवशी मूडलच उघडून पाहावे. मी तर तारीख भिंतीवरही लिहितो. आईला स्वाध्याय कळत नाही, पण सकाळी ती विचारते, "आज काय द्यायचंय का रे?"