डॉक्टर गेले, दवाखाना राहिला

लिंबायतला आमच्या गल्लीच्या टोकाला एक दवाखाना आहे. लूमची रात्रपाळी सुटली की तिथे रांग लागते. ताप, खोकला, मशीनमध्ये सापडलेलं बोट, सगळं एकाच डॉक्टरांकडे. दिवाळीत घरी गेले तर चर्चा वेगळीच! डॉक्टर म्हणे महापालिकेला उभे राहणार. गल्ली खूश. आई मात्र म्हणाली, "निवडून आले तर ही रांग कोण बघणार?"

मला उत्तर देता आलं नाही. मुंबईला परतल्यावर परळला केईएमसमोरून जाताना डॉ. जीवराज मेहता आठवले. गुजरातचे पहिले मुख्यमंत्री म्हणून शाळेत नाव पाठ केलं होतं. ते याच केईएमचे पहिले डीन, हे इथे आल्यावर कळलं.

जन्म १८८७ चा, अमरेलीचा. शिक्षण मुंबईच्या ग्रँट मेडिकल कॉलेजात आणि पुढे लंडनला. गांधीजींवर त्यांनी उपचार केले. पत्नी हंसाबेन तर आमच्या सुरतच्याच. परळचं सेठ जी. एस. मेडिकल कॉलेज ज्या देणगीतून उभं राहिलं, तिची एक अट होती: शिकवणारे सगळे भारतीयच हवेत. सरकारी वैद्यकीय सेवेतल्या मोठ्या जागा तेव्हा बहुतेक इंग्रजांकडे असत. म्हणजे हे कॉलेज नीट चालवून दाखवणं हेच एक राजकारण होतं. १९२५ ते १९४२ मेहतांनी ते केलं, तेही ऐन गिरणगावात.

१९४२ च्या चळवळीत तुरुंग, १९४८ मध्ये बडोदा संस्थानाचा कारभार, मग मुंबई राज्याचं मंत्रिपद. द्वैभाषिक राज्यात यशवंतराव चव्हाण मुख्यमंत्री आणि मेहता अर्थमंत्री. १ मे १९६० ला राज्य दुभंगलं आणि दोघं दोन राज्यांचे पहिले मुख्यमंत्री झाले. आम्ही सुरतचे खानदेशी लोक त्या रेषेच्या दोन्ही बाजूंचे: घर इकडे, गाव तिकडे. उधन्याहून पुढे पांडेसऱ्याला जी जीआयडीसी लागते, ते महामंडळ १९६२ चं, मेहतांच्याच कारकिर्दीतलं. १९६३ मध्ये मात्र पक्षातल्याच विरोधामुळे त्यांना पायउतार व्हावं लागलं. पेशंट आपणहून दारात येतो; पक्षाचं तसं नसतं.

मग डॉक्टरने यात पडावं का? सुरतेत तरी या प्रश्नाला नुसतं 'नको' म्हणता येत नाही. सप्टेंबर १९९४ मध्ये प्लेगची साथ आली, लाखो लोक शहर सोडून गेले, कित्येक खाजगी डॉक्टरही गेले. साथ आटोक्यात आली, पण पुढच्या वर्षी एस. आर. राव आयुक्त म्हणून आले तेव्हा कुठे कचरा, गटारं आणि रस्त्यांना शिस्त लागली. दुखणं गटारात असेल तर गोळ्यांची चिठ्ठी किती दिवस पुरणार? ते काम महापालिकेचंच.

पण आईचा प्रश्नही खोटा नाही. मेहता डीनपदावरून गेले तरी केईएमची ओपीडी थांबली नाही. शिकवणारे, शिकणारे, नर्स, वॉर्ड, सगळं मागे उभं होतं. आजही तिथली रांग हलत असते. आमच्या डॉक्टरांच्या मागे कोण आहे? एक कंपाउंडर आणि एक बाकडं.

परवा फोनवर हे सगळं आईला सांगितलं. ती थोडा वेळ गप्प बसली. मग म्हणाली, "म्हणजे मत मागायला आले की विचारायचं, सकाळी दवाखान्यात कोण बसणार?"

माझ्या मते तरी डॉक्टर उमेदवाराला विचारायचा पहिला प्रश्न हाच. गटारांचा दुसरा.