मास्तरांचे मतदार कुंभारीला गेले

विडी वळणाऱ्या बाईच्या मांडीवर सूप असतं. सुपात भिजवून मऊ केलेली, पत्र्याच्या मापानं कातरलेली तेंदूची पानं आणि तंबाखू. पानावर चिमूटभर तंबाखू पसरायची, पान वळायचं, तोंड नखानं दुमडायचं, दोऱ्याचे वेढे द्यायचे. मजुरी हजार विड्यांवर मिळते, त्यामुळे मान वर करायला सवड नसते. कारखान्यात माल तपासणाऱ्यानं नापास केलेल्या विड्यांचे कष्ट फुकट.

सोलापूरच्या पूर्व भागात हे चित्र पिढ्यान् पिढ्यांचं आहे. तेलुगू बोलणाऱ्या पद्मशाली कुटुंबांत पुरुष मागावर आणि बाई विड्यांवर, अशी वाटणी पडून गेलेली. आठ-दहा हातांच्या एका खोलीत चूल, पोरांचा अभ्यास आणि तंबाखूची धूळ एकत्र नांदते. बाईचं घर हाच तिचा कारखाना. घराचा प्रश्न हा तिच्या कामाच्या जागेचा प्रश्न आहे, हे ज्या नेत्याला नेमकं उमगलं, त्याचं नाव नरसय्या आडम. सोलापूरकरांचे आडम मास्तर.

गिरणी कामगाराच्या घरातला हा मुलगा लाल बावट्याखाली वाढला आणि मार्क्सवादी कम्युनिस्ट पक्षातर्फे 1978, 1995 आणि 2004 असा तीनदा विधानसभेत गेला. मधल्या काळात पराभवही झाले. पण आमदारकी नसताना मास्तरांचं काम थांबलं असं झालं नाही, कारण ते काम विधानभवनातलं नव्हतंच. मजुरी, भविष्य निर्वाह निधी आणि ओळखपत्र, या तीन गोष्टींसाठी वर्षानुवर्षं मोर्चे निघाले. यातलं ओळखपत्र बाहेरच्या माणसाला किरकोळ वाटेल. पण विडी कामगारांच्या कल्याणासाठी 1976 साली केंद्रानं कायदा करून निधी उभारला, त्यातलं काहीही मिळायचं तर आधी आपण विडी कामगार आहोत हे कागदावर सिद्ध व्हावं लागतं. घरात बसून काम करणाऱ्या बाईकडे दुसरा पुरावा कुठला असणार?

त्या कार्डाच्या जोरावर पुढची मागणी आली: हक्काचं घर. शहरात जमीन परवडणारी नव्हती, म्हणून दक्षिण सोलापूर तालुक्यातल्या कुंभारीचा माळ निवडला. बायकांची सहकारी संस्था उभी राहिली. केंद्र, राज्य आणि कामगार बाई, तिघांनी पैशाचा वाटा उचलायचा असं ठरलं. यात बाईचा वाटा असणं मला फार मोलाचं वाटतं. विड्यांच्या मजुरीतून पै-पै बाजूला काढून भरलेली ती रक्कम होती. आपण दान घेतोय असं तिला म्हणायची वेळच आली नाही. 2006 साली पंतप्रधान मनमोहन सिंग यांच्या हस्ते दहा हजार घरांचं वाटप झालं. वसाहतीला नाव दिलं वारली आदिवासींना संघटित करणाऱ्या गोदावरी परुळेकर यांचं. लोक मात्र नुसतं ‘विडी घरकुल’ म्हणतात.

आता राजकारणाचा हिशेब बघा. कुंभारी शहराच्या मतदारसंघाबाहेर. जी बाई तिथं राहायला गेली आणि मतदार यादीतही तिथलीच झाली, तिचं मत मास्तरांच्या पेटीतून गेलं. 2009 साली ते प्रणिती शिंदे यांच्याकडून हरले. पराभवाची कारणं अनेक असतात, एकावर सगळं ढकलू नये. तरी आपल्या खात्रीच्या मतदारांना स्वतःच्या हातानं मतदारसंघाबाहेर वसवणारा उमेदवार मला दुसरा ठाऊक नाही. आणि हे कळूनही त्यांनी पुढची योजना त्याच कुंभारीत आखली, तीही तिप्पट मोठी. रे नगरची तीस हजार घरं. या वेळी विडी कामगारांबरोबर यंत्रमाग कामगार, फेरीवाले, कागद-काचपत्रा वेचणारे, असे सगळे असंघटित कष्टकरी त्यात होते.

त्यासाठी त्यांनी मोजलेली किंमतही सांगायला हवी. जानेवारी 2019 मध्ये पायाभरणीच्या व्यासपीठावरून त्यांनी नरेंद्र मोदींचं कौतुक केलं, ते पुन्हा पंतप्रधान व्हावेत असंही बोलले. पक्षानं त्यांना केंद्रीय समितीतून तीन महिन्यांसाठी निलंबित केलं. उभं आयुष्य एका बावट्याखाली काढलेल्या माणसाला हे किती लागलं असेल! पक्षाचीही बाजू होतीच, ज्या राजकारणाशी लढायचं त्याचीच स्तुती आपल्या नेत्यानं करावी हे कुठल्या पक्षाला चालेल? मास्तरांचं ते वाक्य मलाही पटलं नाही. पण ते पक्ष सोडून गेले नाहीत, आणि घरांचं कामही त्यांनी सोडलं नाही.

19 जानेवारी 2024 रोजी पहिल्या पंधरा हजार घरांच्या चाव्या देण्यात आल्या. लहानपणी आपल्यालाही असं घर मिळालं असतं तर, असं म्हणताना पंतप्रधानांचा कंठ दाटून आला होता.

त्याच वर्षी नोव्हेंबरात विधानसभेची निवडणूक लागली. ऐंशीच्या उंबरठ्यावरचे मास्तर सोलापूर शहर मध्यमधून पुन्हा उभे राहिले आणि पडले. तिकडे कुंभारीच्या माळावर दारात सूप घेऊन बसलेल्या बायका उजेड आहे तोवर हजार पुरे करायच्या घाईत असतात.